मेंढ्या किती घटल्या आणि कातडी किती घटली

'न्यूझीलंडमधील मेंढ्या घटल्या, म्हणून कोकरांच्या कातड्यांचे उत्पादनही त्याच प्रमाणात घटले' असे म्हटले जाते; या विधानाची दिशा बरोबर आहे, पण 'त्याच प्रमाणात' हे पटत नाही. १९८२ मध्ये तेथे सुमारे ७ कोटी मेंढ्या होत्या आणि आता त्या अडीच कोटींच्याही खाली आहेत, हे खरे. परंतु कातड्यांची संख्या कळपावर नव्हे, तर कत्तलखान्यात किती जनावरे जातात यावर ठरते. पूर्वी पैदाशीच्या शंभर माद्यांमागे साधारण शंभर कोकरे मिळत, ती सुधारित पैदाशीमुळे आता सव्वाशेच्या आसपास मिळतात. त्यामुळे कोकरांची कातडी कळपापेक्षा सावकाश घटली. शिवाय कोकरे पूर्वीपेक्षा वजनदार होऊन कापली जातात, म्हणून टनांतले आकडे आणि नगांतले आकडे एकाच आलेखावर मांडणे मला चुकीचे वाटते.

मोठ्या मेंढ्यांच्या कातड्यांचे गणित तर याहून फसवे आहे. १९८४ नंतर सरकारी अनुदाने काढून घेतली गेली आणि पुढे अनेक कुरणे दुभत्या गाईंकडे वळली. असा कळप मोडला जात असताना जास्त मेंढ्या कापल्या जातात आणि कातड्यांचा आकडा काही काळ उलट फुगतो.