लेखिकेनेच आपल्या कादंबऱ्यांची सिरीज करावी का? (जेनी हॅन)

वाचनवेडी:
अमेरिकन लेखिका जेनी हॅनचं करिअर बघून मला ठाम वाटतं की लेखिकेने हक्क विकून बाजूला बसूच नये. 'टू ऑल द बॉईज आय हॅव लव्हड बिफोर' २०१४ चं, त्यातली लारा जीन अर्धी कोरियन, आणि पिक्चर काढायचा म्हणून जे आले त्यांना हिरोईन गोरी हवी होती!! एकच कंपनी आशियाई मुलगी घेऊ म्हणाली, हिने तिलाच हो म्हटलं, आणि २०१८ ला नेटफ्लिक्सवर आल्यावर लाना कॉन्डॉर सगळीकडे झाली. मग तिच्याच कादंबऱ्यांवरची 'द समर आय टर्न्ड प्रिटी' ही सिरीज २०२२ ला प्राइमवर आली तेव्हा तर शोरनरच्या (म्हणजे सिरीजची सूत्रं हातात असणाऱ्याच्या) खुर्चीत ही स्वतः.

सरळसोट:
कास्टिंगचं मान्य, बाकी असहमत. तिचं पडद्यावरचं सगळ्यात जमलेलं काम कुठलं, तर तोच पहिला पिक्चर ना? पटकथा सोफिया अल्वारेझची, डिरेक्शन सुझन जॉन्सनचं. पुस्तक संपतं तिथे लारा जीन तिला आवडणाऱ्या पीटरला नुसतं पत्र लिहायला घेते, पिक्चरमध्ये ती थेट मैदानावर जाऊन त्याला मनातलं सांगते, आणि ते पाहिजेच होतं, नाहीतर बघणारा चिडून उठला असता. बाहेरच्या माणसाला असं दिसतं. समरचे सीझन बघा, ७ एपिसोड, मग ८, मग ११. हिरोईन बेली आणि जेरमायाच्या लग्नाच्या तयारीत किती वेळ काढलाय, स्वतःचं लिहिलेलं कापवत नाही हो कोणाला.

निळीशाई:
@सरळसोट कापवत नाही कसं? पुस्तकात लग्न मोडल्यावर बेली स्पेनला जाते, जेरमायाचा भाऊ कॉनराडची पत्रं येतात आणि थोड्याच पानांत दोघांचं लग्न, मला तेव्हाही ते घाईत उरकल्यासारखं वाटलं होतं. सिरीजमध्ये ती पॅरिसला एकटी राहते, स्वतःचं बस्तान बसवते आणि मग कॉनराड तिथे येतो, म्हणजे ती त्याला निवडते ते पटतं तरी. बेलीची आई कोरियन केली तेही सिरीजमध्येच, पुस्तकात तसं नाहीये. दुसऱ्या कोणी एवढं बदललं असतं तर फॅन्सनी सोडलं नसतं, हिने केलं म्हणून चाललं.

सरळसोट:
@निळीशाई पॅरिस आवडलं मलाही. पण तिने केलं म्हणून चाललं हेच मला खटकतं, बदल चांगला की वाईट ते बघा ना, कोणी केला त्याने काय होतं. जेरमायाला तर इतका पोरकट केलाय की बेली त्याच्याशी लग्नाला हो का म्हणते तेच कळत नाही, मग दोघांतून एक निवडायचं यात दम काय राहिला?

वाचनवेडी:
जेरमायाबद्दल अगदी +१. पण ती चूक लेखिका खुर्चीत होती म्हणून झाली असं कसं म्हणता, ११ एपिसोड दुसऱ्या कोणाला दिले असते तरी ताणलेच असते.

पानउलटी:
तुम्ही दोघंही पडद्याचंच बोलताय. लारा जीनचं तिसरं पुस्तक २०१७ चं, त्यानंतर नवी कादंबरी कुठेय? 'एक्सओ, किटी' आली २०२३ ला, लारा जीनच्या धाकट्या बहिणीची सोलमधली गोष्ट, तीही सरळ नेटफ्लिक्ससाठी, पुस्तक नाहीच. आता २०२५ ला समर संपली तर लगेच त्याचा पिक्चर जाहीर, लिहिणार ही आणि डिरेक्टही हीच करणार. बाईने करावं की, तिचा हक्कच आहे. पण लारा जीन आईविना घर सांभाळते, केक करत बसते, बहिणीला काही सांगायचं राहून जातं, हे सगळं तिच्या मनात शिरून लिहिलेलं होतं, कॅमेऱ्याला ते अर्धंच मिळालं. तसं पुस्तक ती अजून लिहू शकते, म्हणून मला शोरनर दुसरा कोणीही चालेल.

निळीशाई:
@पानउलटी हे मात्र पटलं. तरी बेलीचा पिक्चर तिनेच करावा, तेवढा एक होऊ दे.