पुनर्विकासाच्या करारात ज्येष्ठांसाठी कोणत्या अटी घालून घ्याव्यात?

कोथरूडकर:
आमची सोळा सदनिकांची तीन मजली इमारत पुनर्विकासाला निघाली आहे. वाढीव चटईक्षेत्र आणि लिफ्ट मिळणार म्हणून बहुतेक सभासद अनुकूल आहेत, आणि जिना चढवत नसल्यामुळे लिफ्ट माझ्या आईलाही हवी आहे. परंतु ती 82 वर्षांची आहे; तीन वर्षे भाड्याच्या घरात काढून ती स्वतःच्या घरी परत येईल का, या विचाराने माझ्याच्याने सही होत नाही. करारात नेमके काय मागावे?

सहकारनगरचा सभासद:
महाराष्ट्र सहकारी संस्था अधिनियमाच्या कलम 79अ खाली शासनाने 4 जुलै 2019 रोजी काढलेल्या निर्देशांनुसार 51 टक्के सभासदांची संमती पुरेशी असते, त्यामुळे सही अडवून धरण्यापेक्षा अटींवर भर द्यावा. त्याच निर्देशांत विकसकाने प्रकल्प खर्चाच्या 20 टक्के रकमेची बँक हमी, म्हणजे त्याने शब्द मोडल्यास सोसायटीला बँकेकडून वसूल करता येणारी रक्कम, द्यावी असे सांगितले आहे. आमच्या समितीने विकसकाच्या शब्दावर ही हमी सोडून दिली. पुढे काम वर्षभर बंद पडले, भाडे थांबले, आणि वटवायला आमच्या हाती काहीही नव्हते. शेजारच्या काकांनी निवृत्तिवेतनातून घरभाडे भरले, हे मला आजही सलते. भाडे प्रत्यक्ष ताबा मिळेपर्यंत चालू राहील आणि दरवर्षी वाढेल, असे नोंदणीकृत करारातच लिहून घ्या. भोगवटा प्रमाणपत्राशिवाय, म्हणजे इमारत राहण्यायोग्य असल्याच्या महापालिकेच्या दाखल्याशिवाय, ताबा घेऊ नका.

सदाशिव पेठ:
वरील मुद्दे योग्यच आहेत. मी जागेविषयी सांगतो. आमचा वाडा पडला तेव्हा भाडे परवडते म्हणून आम्ही वडिलांना आंबेगावला नेले. घर प्रशस्त होते, परंतु त्यांचे डॉक्टर, वाचनालय आणि संध्याकाळचा कट्टा सगळे पेठेत राहिले, आणि दोन महिन्यांत त्यांचे बोलणेच कमी झाले. कोथरूडमध्ये एकाच वेळी अनेक सोसायट्या रिकाम्या होत असल्याने जवळपासचे घर मिळणे कठीण आहे आणि भाडेही चढे आहे. म्हणून भाड्याची रक्कम तुमच्याच परिसरातील दरावरून ठरवून घ्या आणि इमारत रिकामी करण्याच्या तारखेआधी पुरेशी मुदत मागा. आईंना शक्यतो त्याच रस्त्यावर, तळमजल्यावर ठेवा.

कोथरूडकर:
दोघांचेही मनापासून आभार. रविवारच्या विशेष सर्वसाधारण सभेत बँक हमीचा आणि परिसरातील भाड्याचा मुद्दा लेखी मांडतो. आमच्याच गल्लीत तळमजल्यावरच्या दोन खोल्या रिकाम्या आहेत. आज संध्याकाळी आईला घेऊन त्या पाहून येतो.