मदत हवी आहे: जुन्या रिव्हॉल्व्हरच्या स्क्रूंवर एकसारखा निळा रंग येत नाहीये, आणि कोळशातलं ब्लूइंग (लोखंडावर निळा-काळा रंग चढवणं) घरी करावं का?

धागाकर्ता

जाणकारांनी जरा प्रकाश टाका, वाचून वाचून डोक्याचं भजं व्हायची वेळ आलीय.

एक जुनं सिंगल ॲक्शन (दर वेळी घोडा हाताने मागे ओढायचा असं) रिव्हॉल्व्हर आहे, १८७३ च्या कोल्टच्या धाटणीचं. कागदपत्रं सगळी जागेवर आहेत त्यामुळे तो विषय इथे नको, आणि चालवायचंही नाहीये, फक्त नीट ठेवायचंय. नळीवरचा मूळ रंग बराचसा उडून तपकिरी झालाय पण इजेक्टरच्या (रिकामी काडतुसं ढकलून काढणाऱ्या दांड्याच्या) नळकांड्याखाली, जिथे हात पोचत नाही, तिथे अजून तो खोल काळा-निळा चकचकीत रंग जसाच्या तसा आहे, बघून जीव हरखतो. स्क्रू मात्र कुणीतरी कधीतरी बदललेत आणि त्यावर बाटलीतलं, न तापवता लावायचं कोल्ड ब्लूइंग फासलंय, ते काळपट करडं दिसतं. मूळ स्क्रू असे नसायचे, ते भडक मोरपंखी निळे असायचे, फायर ब्लू म्हणतात तसे.

तर मी स्क्रू पॉलिश करून छोट्या गॅस टॉर्चवर तापवतोय आणि होतं काय, तर खाचेच्या कडा आधी निळ्या होऊन भुरक्याही होऊन जातात, तोपर्यंत डोक्याचा मधला भाग जांभळा असतो आणि आट्यांकडचा भाग पिवळाच. शिवाय मधेच डाग, जणू बोटांचे ठसे. ज्योत लांब धरली, जवळ धरली, फिरवली, फरक नाही. तेलात बुडवायचं की नाही यावरही दहा लोकांची दहा मतं.

दुसरं म्हणजे नळी. ती कोळशातच ब्लू केलेली असणार असा माझा अंदाज. मग तीच पद्धत घरी करून नळी आणि सिलिंडर परत मूळ रंगात आणता येईल का? आणि घरात एक जुनी दुनळी पण आहे, भट्टी पेटवलीच तर तिच्याही नळ्या त्यातच उरकून घ्याव्यात असा विचार आहे. आगाऊ धन्यवाद.

कानसवाला

स्क्रूंचं बोलतो, बाकीचं इतर लोक सांगतीलच.

टॉर्चची ज्योत थेट स्क्रूवर मारणं बंद करा, निम्मा प्रश्न तिथेच सुटेल. खाचेच्या कडा म्हणजे पातळ पत्रा, त्या क्षणात तापतात, आणि खालचा दांडा उष्णता खेचत बसतो. हा रंग काही बाहेरून लागत नाही, लोखंडावर ऑक्साइडचा नॅनोमीटरमध्ये मोजावा इतका पातळ पापुद्रा चढतो आणि त्याच्या वरून आणि खालून परतणारा प्रकाश एकमेकांत मिसळून रंग दिसतो, पाण्यावरच्या तेलाच्या तवंगासारखं. पापुद्रा जाड होईल तसा रंग बदलतो. साध्या कार्बन पोलादाला साधारण २२० अंश सेल्सिअसच्या आसपास फिका पिवळा, २५५-२६० ला तपकिरी, २७०-२८० ला जांभळा, २९०-३०० ला गडद निळा, ३१०-३२० ला फिका निळा, आणि त्यापुढे करडा. म्हणजे जांभळा ते फिका निळा हा सगळा खेळ चाळीसेक अंशांत आटोपतो आणि टॉर्चच्या ज्योतीत तेवढा फरक स्क्रूच्या एका टोकापासून दुसऱ्या टोकापर्यंत सहज पडतो.

घड्याळवाले काटे आणि स्क्रू निळे करायला पितळेचा कीस वापरतात तेच करा. छोट्या पत्र्याच्या ताटलीत पितळेचा कीस पसरा, नाहीतर पितळेच्या जाड पट्टीला भोकं पाडून त्यात स्क्रू आटे खाली डोकं वर असे उभे करा आणि आंच खालून, अगदी मंद. उष्णता आट्यांकडून वर चढते आणि डोकं सगळ्यात शेवटी, पण अख्खं डोकं एकदम रंगतं. बारीक कोरडी वाळूही चालते, पण पितळ उष्णता जास्त सारखी पसरवतं. घाई केली की संपलं. आणि रंग बघायचा तो दिवसाच्या सौम्य उजेडात, थेट ऊन नको आणि पिवळा बल्ब तर नकोच, त्याखाली जांभळा आणि निळा यातला फरकच कळत नाही.

हव्या त्या रंगाच्या किंचित आधीच उचला, कारण आतली उष्णता अजून काम करत असते. तेलात टाकलं तर रंग तिथेच थांबतो आणि थोडा खोल दिसतो, नुसतं गार लोखंडावर ठेवलं तरी थांबतो. रंगाला तेल लागतंच असं नाही, त्यावरून भांडणारे उगाच भांडतात.

एकदा निळ्याच्या पुढे गेला की मागे येत नाही, परत पॉलिश करून पहिल्यापासून. पिवळ्यावर थांबला असेल तर मात्र आणखी तापवून पुढे नेता येतो.

डागांचं कारण बहुतेक ते कोल्ड ब्लूइंगच. त्यात सेलेनियम आणि तांब्याचे क्षार असतात, त्याचा थर खाचेत नि कडांना राहिला की त्यावर हा रंग धरत नाही. आधी ते पूर्ण घालवा, मग ॲसिटोनने पुसा आणि त्यानंतर बोट लावायचं नाही, चिमटाच. स्क्रू बाजारातून आणलेले असतील तर जस्ताचा थर नाही ना हेही बघा, तो तापवला तर धूर विषारी. आणि चुंबक चिकटत नसेल तर ते स्टेनलेस असणार, त्याचं सगळं गणितच वेगळं, त्याच्या नादी लागू नका.

जुनालोखंड

मी थोडा रसभंग करतो, माफ करा. स्क्रू कुणीतरी नंतर घातलेत, त्यांना खुशाल रंगवा. पण नळीला आणि सिलिंडरला हात लावू नका!

इजेक्टरखाली तुम्हाला जो रंग दिसतोय तोच तर त्या वस्तूचा पुरावा आहे. नळी परत ब्लू करायची म्हणजे आधी ती पॉलिश करावी लागणार, म्हणजे तोही तुकडा जाणार. वर पॉलिश करताना अक्षरं पुसट होतात, स्क्रूच्या भोकांच्या कडा बशीसारख्या खोलगट होतात, सपाट बाजूंच्या धारा गोल होतात, आणि हे सगळं जाणत्या माणसाला दोन हातांवरून दिसतं. झिजलेला मूळ रंग असलेल्या वस्तूला संग्राहक जी किंमत देतात ती चकाचक नव्या रंगाला देत नाहीत.

आणि मूळ काय होतं हे न बघता रंग देणारे तर फार भेटतात. जर्मन लुगर पिस्तुलाचंच घ्या. जुन्या लुगरचा मुख्य भाग गंजवून (मुद्दाम गंज चढवून तो उकळून काळा करत) निळा केलेला, आणि चाप, सेफ्टीची कळ वगैरे बारीक भाग मुद्दाम पिवळ्यावर थांबवलेले, हा पिवळा म्हणजे वर सांगितलेल्या क्रमातला पहिला रंग. माउझर कंपनीने १९३७ च्या सुमारास ते बंद करून सगळंच उकळत्या क्षारांत निळं करायला घेतलं. आता नंतरच्या लुगरचे भाग कुणी हौसेने पिवळे करून ठेवले की दिसायला भारी आणि इतिहास म्हणून खोटं. माउझरच्याच सी ९६ पिस्तुलातही मुख्य भाग गंजवलेला आणि बारीक भाग आगीतले निळे, असं मिश्रण दिसतं.

तुमच्या नळीला एवढंच करा. हलकं तेल लावून थोडा वेळ मुरू द्या, लाल गंज असेल तिथे ब्राँझ वूलने (ब्राँझच्या बारीक तारांच्या बोळ्याने) हलक्या हाताने, तपकिरी जुना थर खरवडू नका, मग तेल पूर्ण पुसून मायक्रोक्रिस्टलाइन मेण. रेनेसाँ वॅक्स म्हणून मिळतं, ब्रिटिश म्युझियमच्या प्रयोगशाळेत १९५० च्या दशकात याच कामासाठी तयार झालेलं.

धागाकर्ता

कानसवाला, पितळेचा कीस डोक्यातच आला नव्हता, करून बघतो. जुनालोखंड, तुमचं पटतंय पण मन मानत नाही हो, तो इजेक्टरखालचा रंग बघितला की अख्खी नळी तशी दिसावी असं वाटतंच. कोळशाची पद्धत नक्की असते तरी काय, ते तरी सांगा कुणीतरी, करणार नाही असं समजून सांगा. आणि स्क्रूंसाठी वितळलेल्या सोऱ्यात (पोटॅशियम नायट्रेट) बुडवायची पद्धत सोपी असं एकाने सांगितलं होतं, ती कशी? चाप पण निळा करायचा होता.

निवृत्तफिटर

करणार नाही म्हणताय म्हणून सांगतो, हे वाक्य मी ओळखतो :)

कोळशाचं ब्लूइंग आणि तुमच्या स्क्रूचं ब्लूइंग हे भावंडं आहेत, एक नव्हेत. स्क्रूवर चढतो तो तापमानाचा रंग, पातळ. कोळशात वस्तू ३७० ते ४३० अंशांच्या दरम्यान बराच वेळ ठेवतात, म्हणजे वरच्या यादीतला निळा केव्हाच मागे पडलेला असतो आणि जाड काळा-निळा थर एकावर एक बसतो. लोणारी कोळसा बारीक कुटून लोखंडी पेटीत पेटवायचा, हवा बेताचीच, आरशासारखी पॉलिश केलेली वस्तू त्यात गाडायची, नळी असेल तर दोन्ही तोंडांना लोखंडी दांडे, म्हणजे धरायलाही होतात आणि आत हवा जाऊन पापुद्रे धरत नाहीत. थोड्या थोड्या वेळाने बाहेर काढून सणाच्या चोथ्यावर चुन्याची कोरडी भुकटी घेऊन गरम असतानाच घासायचं, परत गाडायचं, परत घासायचं. हे घासणंच खरं काम, त्यानेच तो काचेसारखा चकाकणारा रंग येतो. शेवटी तेल. हाडांचा कोळसाही वापरायचे, आणि विसाव्या शतकाच्या सुरुवातीच्या दशकांत कोल्ट आणि स्मिथ अँड वेसन हे कार्बोनिया नावाचं तेल आणि हाडांचा कोळसा फिरत्या गॅसभट्टीत वापरून असाच रंग काढत. उकळत्या क्षारांची पद्धत साधारण १५० अंशांच्या आतच होते आणि मजूर कमी लागतात, त्यामुळे ती आल्यावर हे सगळं कारखान्यांतून गेलं.

अवघड कुठे आहे? पेटलेला कोळसा स्वतः ४०० पेक्षा कितीतरी जास्त गरम असतो. पेटीतल्या एका कोपऱ्यात ४०० आणि दुसऱ्यात ६०० असं सहज होतं, लांब नळी वाकते, रंगाचे पट्टे पडतात. आणि बंद जागेत कोळसा म्हणजे कार्बन मोनॉक्साइड, त्याला वासही नाही.

आता पाण्याचा प्रश्न, म्हणजे पोलादाला दिलेल्या पाण्याचा, त्याच्या कडकपणाचा. ४०० ला पाणी उतरतं. बंदुकीच्या काळ्या दारूच्या काळातली मऊ लोखंडाची नळी एकवेळ सोसेल, पण ज्या सिलिंडरला किंवा फ्रेमला नंतरच्या काळात उष्णतेने मजबुती दिलीय ते भाग या तापमानातून काढले तर दिसायला देखणे आणि आतून मऊ होऊ शकतात, आणि तुम्ही चालवणार नसलात तरी पुढचा माणूस चालवणार नाही कशावरून? तुमच्या फ्रेमवर ढगाळ रंगांची नक्षी असेल तर ती केस हार्डनिंगची, कातडं कडक आणि आत मऊ अशी, ती तापवली की नक्षी गेलीच. स्प्रिंगा तर टॉर्चच्या जवळपासही नेऊ नका. चाप मूळचा आगीतला निळाच असायचा, बरोबर आहे, पण तो कारखान्यात ते पोलाद ओळखून त्या कडकपणावर आणलेला असायचा. तुमचा चाप मूळ आहे की बदललेला, कुठल्या पोलादाचा, हे माहीत नसताना त्याच्या टोकाचं पाणी उतरवलं तर घोड्याच्या खाचेत ते टोक झिजायला लागेल. मी तरी सोडून देईन.

दुनळीचं तर नावच काढू नका. दोन नळ्या आणि मधली पट्टी नरम डाखाने जोडलेली असते, शिसं-कथिलाची डाख १८३ अंशांपासून वितळायला लागते, म्हणजे तुमचा फिका पिवळा यायच्या आतच नळ्या सुट्या. उकळत्या कॉस्टिक क्षारांत तापमान कमी असलं तरी ते डाखच खातं. म्हणून दुनळीला गंजवायचं, उकळत्या पाण्यात टाकायचं म्हणजे लाल गंजाचा काळा ऑक्साइड होतो, मऊ तारेच्या ब्रशने झाडायचं, आणि हेच पुन्हा पुन्हा. १०० अंशांच्या वर काही जात नाही. आणि आधी बघा नळ्यांवर पिळाची नक्षी तर नाही, असली तर ती दमास्कस, म्हणजे लोखंड-पोलादाच्या पट्ट्या पिळून घडवलेली नळी, तिला नुसतं निळं नाही, बहुधा तपकिरी करायचे.

सोऱ्याचं. नुसता सोरा ३३४ अंशांना वितळतो, म्हणजे तो पातळ होईपर्यंत गडद निळा मागे पडलेला. म्हणून त्यात सोडियम नायट्रेट मिसळतात, मिश्रण २२०-२३० च्या आसपास वितळतं आणि ३०० ला सगळीकडून एकसारखा रंग येतो, पितळेच्या किसापेक्षाही सरस. पण पाण्याचा एक थेंब, ओल्या चिमट्यावरचा जरी, आत पडला तर वाफ होऊन सगळं अंगावर उडतं, आणि तेल, लाकूड, कापूस, कोळसा असं काहीही त्यात पडलं तर भडका. सोरा आणि कोळसा एकत्र आले की काय होतं हे बंदूकवाल्यांना मी सांगायला नको. चार स्क्रूंसाठी हा उपद्व्याप कशाला, किसावर करा.

धागाकर्ता

बाप रे, दुनळीचं हे माहीतच नव्हतं, आजच्या आज तिला परत कपाटात. नळीलाही मेणच लावतो. चापाचंही सोडलं.

एक शेवटचं, स्क्रू किती पॉलिश करायचे? आणि निळे झाल्यावर घट्ट पिळताना रंग खरवडला जातोय.

कानसवाला

जितकी चकाकी तितका भडक निळा, खरखरीत पृष्ठभागावर तो मळका दिसतो. डोक्याचा माथा सपाट काचेवर पॉलिश पेपर तेलाने चिकटवून त्यावर घासा, बफवर नाही, बफवर खाचेच्या कडा गोल होतात आणि बदललेला स्क्रू लगेच ओळखू येतो. खरवडण्याचं कारण स्क्रूड्रायव्हर. बाजारातल्याला टोकाला उतार असतो, तो खाचेतून वर सरकतो. टोक कानसून दोन्ही बाजू समांतर करा, खाचेत डुगडुगता कामा नये, रुंदीही डोक्याइतकीच ठेवा, बाहेर आली तर फ्रेमला ओरखडा. आणि निळा करायच्या आधीच एकदा पिळून कुठे थांबतो ते बघून घ्या.