किन्नौर-स्पितीची 16 मिमी रिळं: डिजिटल करण्याआधी काय करावं?

सांगाती:
आमच्या गिर्यारोहण संस्थेकडे 16 मिमीची 11 रिळं आहेत, प्रत्येकी 400 फूट, रिव्हर्सल (निगेटिव्ह न बनता थेट पॉझिटिव्ह होणारी फिल्म). 1960च्या दशकातली हिमाचलमधल्या किन्नौर-स्पितीतली गावं, मेंढपाळ, गोंपातला (बौद्ध मठातला) छम, म्हणजे मुखवट्यांचा धार्मिक नाच. तीन डब्यांना व्हिनेगरसारखा वास येतो, दोन रिळांवर बुरशी आहे. प्रोजेक्टर चालू आहे. भिंतीवर दाखवून कॅमेऱ्यात टिपलं तर?

चौकट:
प्रोजेक्टर नको. त्या वासाचा अर्थ अ‍ॅसिटेट बेस, म्हणजे फिल्मची प्लास्टिकची पट्टी, कुजतोय. त्यातून सुटणारं आम्लच कुजणं आणखी वाढवतं आणि फिल्म आखडते. आधी मोजा: ताज्या रिव्हर्सल फिल्मच्या 100 चौकटी 762 मिमी भरतात. 754 भरल्या तर साधारण 1 टक्का आकुंचन, म्हणजे प्रोजेक्टरचे दाते फिल्मच्या कडेची भोकं फाडणार. 2 टक्क्यांच्या पुढे दाते नसलेलाच स्कॅनर हवा.

वासाची रिळं बाकीच्यांपासून लांब ठेवा, ती वाफ चांगल्या रिळांनाही लागते. ज्यांना वास नाही त्यांच्या डब्यातही ए-डी पट्टी (आम्ल ओळखणारा रंगीत कागद) ठेवून बघा. निळी पट्टी हिरवी-पिवळी होऊ लागली की नाकाआधी कळतं. गंजलेले डबे काढून हवा खेळेल असे पॉलिप्रॉपिलीनचे घ्या, पण जुन्या झाकणावरचा मजकूर आधी उतरवून. बुरशीला पाणी अजिबात लावू नका, जिलेटिन विरघळेल. कोरड्या खोलीत सुकू द्या, मग मास्क लावून मऊ मखमलीने हलकेच पुसा. डाग राहिले तर राहू देत.

धनगरवाडा:
स्कॅन 2के, 10 बिट मागा, भोकांसकट पूर्ण रुंदीचं. कडेवरच्या कोडॅकच्या वर्तुळ-चौकोन-त्रिकोण खुणांवरून फिल्म बनल्याचं वर्ष कळतं. खुणा 20 वर्षांनी पुन्हा येतात, त्यामुळे 1942 की 1962 हे चित्र बघूनच ठरवायचं. डीपीएक्समध्ये (प्रत्येक चौकटीची वेगळी फाइल) एक चौकट सुमारे 12.5 एमबी. 400 फुटांत 16,000 चौकटी, म्हणजे एका रिळाला 200 जीबी! एफएफव्ही1 हे व्हिडिओ स्वरूप घेतलंत तर काहीही न गमावता बरंच कमी लागेल. मास्टरवर, म्हणजे मूळ स्कॅनवर, रंगदुरुस्ती करू देऊ नका, ती प्रतीवर करा.

वेगाचं आधीच बजावा. मूक चित्रण बहुधा सेकंदाला 16 किंवा 18 चौकटींचं असतं, आणि 24ने चालवलं की मेंढपाळ धावत सुटतात. 16ने हेच रीळ 16 मिनिटं 40 सेकंद चालतं, 24ने 11 मिनिटं.

निवांत:
मूळ रिळांसाठी पुण्याच्या राष्ट्रीय चित्रपट संग्रहालयाशी बोला. घरच्या फ्रीजरमध्ये ठेवायचीच असतील तर दोन हवाबंद पिशव्यांत, आणि बाहेर काढल्यावर 24 तास पिशवी उघडू नका, नाहीतर दव धरेल.

चित्रातल्या गावा-माणसांच्या नावांचं कामही स्कॅनइतकंच तातडीचं आहे. केंब्रिजमध्ये 2000 साली सुरू झालेल्या डिजिटल हिमालय प्रकल्पाने मानववंशशास्त्रज्ञ हायमेनडॉर्फ यांच्या फिल्म डिजिटल केल्या आणि प्रती हिमालयातल्या गावांपर्यंत पोचवण्यावर भर दिला. तुम्हीही टाइमकोड (चित्रावर चालणारी वेळ) घातलेली प्रत गावात न्या, म्हातारी माणसं वाड्या आणि चेहरे ओळखतील. छमचं चित्रण मठाला विचारल्याशिवाय यूट्यूबवर नको.

सांगाती:
आभार. दोन रिळांच्या कडेला तपकिरी पट्टी दिसतेय, ती काय?

चौकट:
चुंबकीय ध्वनिपट्टी. तिच्यातल्या लोह ऑक्साइडमुळे कुजण्याला वेग येतो, तेव्हा ही दोन रिळं वास नसला तरी आधी पाठवा. अल्कोहोलने पुसू नका, आणि ध्वनी वेगळा वाचणारं यंत्र आहे का ते विचारूनच लॅब ठरवा.