गाईड घेऊन एका दिवसात जुने अवशेष: तुमचे अनुभव सांगा

खिडकीशेजारची

शहरात उतरायचं, दुसऱ्या दिवशी सकाळी गाडीत बसायचं, जवळचं कुठलंतरी हजार-पाचशे वर्षांपूर्वीचं पडकं शहर बघायचं आणि रात्री जेवायला हॉटेलवर परत. असल्या ट्रिपा आपण सगळेच करतो, पण गाईडचे पैसे वसूल झाले का यावर आमच्या घरी अजून भांडण चालू आहे म्हणून धागा काढतेय. सुरुवात माझ्यापासून.

बँकॉकहून अयुथया. साधारण 80 किलोमीटर. एप्रिलमध्ये गेलो हा पहिला मूर्खपणा, सासूबाईंना घेऊन गेलो हा दुसरा असं नवऱ्याचं मत, पण खरं सांगायचं तर त्या दिवशी सगळ्यात जास्त मजा सासूबाईंनीच केली. गाईड पन्नाशीची बाई होती, इंग्रजी तोडकंमोडकं पण आवाज खणखणीत. गाडीत बसल्याबसल्या म्हणाली अयुथया म्हणजे तुमची अयोध्या. सासूबाई लगेच, मग राम कुठंय? मी कसंबसं भाषांतर केलं तर ती म्हणते आमचा प्रत्येक राजा रामच, आत्ताचा दहावा राम. सासूबाई एकदम खूश, तिथून पुढे दोघी हातात हात घालून.

1350 च्या सुमाराला वसलेलं शहर, तीन नद्यांच्या मधलं बेट, चारशे वर्षं राजधानी, आणि 1767 मध्ये बर्मी सैन्याने जाळलं. हे सगळं वाचून गेले होते पण तिथे विटांच्या भिंतींसमोर ओळीने बसलेले बिनडोक्याचे बुद्ध बघितल्यावर पोटात कसंतरीच होतं. नुसते मांडी घातलेले पाय, मांडीवर हात, वर काही नाही. वाट महाथात नावाच्या देवळात झाडाच्या मुळांत अडकलेलं बुद्धाचं डोकं आहे ना, फोटोत सगळ्यांनी पाहिलेलं, तिथे उभं राहून फोटो काढायचा नाही, आपलं डोकं त्या डोक्यापेक्षा खाली पाहिजे. नवरा नेहमीप्रमाणे उभाच, रखवालदाराने शिट्टी मारली, गाईडने त्याच्या खांद्यावर हात ठेवून त्याला शाळेतल्या पोरासारखं खाली बसवलं. सासूबाई गुडघ्यांमुळे घरी देवासमोरही खुर्चीत बसतात, त्या तिथे कुणी न सांगता जमिनीवर बसल्या. उठवायला आम्ही तिघं लागलो ते वेगळं.

आणि एक, गाईडने सांगितलं की इथल्या विटा नावेत भरून नेऊन नवीन राजधानी म्हणजे बँकॉक बांधायला वापरल्या. आपल्याकडे किल्ल्याचे चिरे गावातल्या वाड्यांना लागतात तसंच की. परतताना रस्त्याकडेला रोटी सायमाय घेतली, म्हणजे पातळ हिरव्या पोळीत चक्क म्हातारीचे केस गुंडाळून देतात. मी चार खाल्ल्या.

माझ्या मते पैसे वसूल. नवऱ्याचं म्हणणं हे सगळं फोनवर वाचता आलं असतं. आता तुम्ही बोला.

वऱ्हाडी ठेचा

मी 2018 मध्ये कंपनीच्या कामाने मेक्सिको सिटीत होतो, रविवारी तेओतिवाकान म्हणजे तिथल्या जुन्या पिरॅमिडवाल्या शहराची टूर घेतली. टूर कंपनीचं नाव नाही घेत पण सकाळी आठला उचललं आणि पिरॅमिड दिसला साडेबाराला! मधात काय तर एक चर्च, मग एक दुकान, मग दुसरं दुकान. काचेसारखा काळा दगड असतो तिकडे, ऑब्सिडियन, त्याचे कासव, त्याचे मुखवटे, घ्या ना घ्या ना. माझं डोकं तिथंच आउट झालं होतं.

पण त्या दुकानाच्या मागच्या अंगणात एक म्हातारा होता, त्याने जे दाखवलं ते मी अजून विसरलो नाही. घायपाताचं झाड असतं ना बे, आपल्याकडे बांधावर लावतात, दोर करतात त्याचे, तेच. त्याने पानाचं टोक दाताने जरासं मोकळं केलं, काटा धरून सर्रकन खाली ओढला आणि हातात काय तर सुई, तिला आपोआप ओवलेला दोरा! पानाचेच धागे काट्याला चिकटून आलेले. आमच्या आजोबांच्या वावराच्या धुऱ्यावर ही झाडं होती, आयुष्यभर त्याचे काटे पायात घेतले, हे कधी कुणी दाखवलं नव्हतं. मग निवडुंगावरचा पांढरा किडा घेऊन तळहातावर चिरडला तर रक्तासारखा लाल रंग, तो कपडे रंगवायला वापरायचे.

पिरॅमिडचं म्हणाल तर सूर्याचा पिरॅमिड 65 मीटर उंच, तेव्हा चढू द्यायचे, गाईड म्हणाला 248 पायऱ्या, मी शंभरानंतर मोजणं सोडलं कारण ते गावच दोन हजार मीटरच्या वर आहे, श्वासच पुरत नाही. हे अ‍ॅझ्टेकांनी बांधलं असं मी समजून गेलो होतो. गाईड हसला. म्हणे अ‍ॅझ्टेक आले तेव्हा हे शहर ओस पडून कित्येक शतकं झाली होती, त्यांनी फक्त नाव ठेवलं, देव जिथे जन्मले ती जागा. बांधणारे गावाला काय म्हणत होते ते कुणाला ठाऊक नाही. दोन तास दुकानात आणि दीड तास पिरॅमिडला, हा हिशोब मात्र मला पटला नाही तो नाहीच.

दुपारची झोप

मी गाईडच्या विरोधी पार्टीतला. गाईड म्हणजे "इथे राणी आंघोळ करायची आणि राजा तिकडून बघायचा". जगात कुठेही जा, हेच. पाटी वाचावी, सावली बघावी, डबा उघडावा.

आंबेमोहर

आमचा मुलगा जर्मनीत असतो, त्याच्याकडे गेलो होतो तेव्हा मी आणि ही, दोघंच नेपल्सला गेलो. नेपल्सहून पॉम्पेईला जाणारी गाडी सर्कमवेसुवियाना, नाव भारदस्त पण आतून आपली लोकलच, भिंतींवर रंगवलेलं, पंखे बंद, खिसा सांभाळा म्हणून सगळे एकमेकांना सांगत असतात. स्टेशनवर उतरल्यावर गाईड भेटला, निवृत्त शिक्षक असावा, कारण माझ्यासारखाच मुद्दा तीनदा सांगायचा.

इसवी सन 79 मध्ये वेसुवियस ज्वालामुखी फुटला आणि गाव राखेखाली गेलं हे आपण शाळेत शिकवतो. पण या माणसाने आम्हाला आधी रस्ता दाखवला. रस्त्यात मधोमध तीन मोठे दगड, त्यांच्यामध्ये फटी आणि फटींमध्ये गाड्यांच्या चाकांनी पडलेल्या खोल चाकोऱ्या. पावसात, घाणीत पाय न भरता रस्ता ओलांडायचा म्हणून ते दगड, आणि चाकं बरोबर त्यांच्या मधून जायची. त्याने हिला म्हटलं पाय ठेवा, मोजा. हिने चपलेसकट पाय चाकोरीत घातला तर घोटा आत. किती वर्षं गाड्या गेल्या असतील हो! मी चाळीस वर्षं "चाकोरीबाहेरचे विचार" वर निबंध तपासले, चाकोरी पहिल्यांदा बघितली.

मग बेकरी. काळ्या दगडाची उभी जाती, मध्ये बारीक वर-खाली रुंद, गाढवं फिरवायची. बाजूला भट्टी. ही म्हणाली, आत्ता पीठ टाकलं तर चालू होईल. रस्त्याला लागून खानावळी, ओट्यात पुरलेले मोठे रांजण. माणसांचे ते प्लास्टरचे ठसे आहेत, राखेत देह नाहीसे होऊन पोकळ्या उरल्या होत्या त्यात 1863 पासून प्लास्टर ओतून काढलेले, ते बघायला हिने नकार दिला, बाहेर बाकावर बसून राहिली. मी एकच बघितला आणि परत आलो.

खरी गोष्ट पुढेच आहे. निघताना गाईडने विचारलं इंडियातले का? मग तुमची बाई नेपल्सच्या म्युझियममध्ये आहे, बघितल्याशिवाय जाऊ नका. हस्तिदंताची, वीतभराहून थोडी मोठी, 1938 मध्ये पॉम्पेईत एका घरात सापडली. लक्ष्मी म्हणतात पण यक्षी असावी असंही आहे. दोन हजार वर्षांपूर्वी भारतातून समुद्रापार गेलेली. आम्ही रात्रभर उत्साहात. दुसऱ्या दिवशी सकाळी रिक्षाएवढ्या टॅक्सीतून म्युझियमला पोचलो तर दार बंद. मंगळवार! मंगळवारी बंद असतं. बुधवारी पहाटे आमचं विमान. ही अजून मला मंगळवारी टोमणा मारते.

गोदाकाठ

सर, तुमची ती बाई आमच्याकडची!! मी जालन्याचा. भोकरदनला खोदकामात हुबेहूब तसल्या हस्तिदंती मूर्तीचा भाग सापडलाय, त्यामुळे पॉम्पेईवाली इकडेच घडली असं बऱ्याच जणांचं म्हणणं आहे. भोकरदन म्हणजे जुनं भोगवर्धन, सातवाहनांच्या वेळचं व्यापारी गाव. धाराशिव जिल्ह्यात तेरलाही तशीच बाई मिळाली, ती तिथल्या म्युझियममध्ये आहे. आमच्या भोकरदनला गाईडबिईड काही नाही, स्टँडवर उतरून विचारलं तर लोक म्हणतात कोणती मूर्ती, कुणाचं मंदिर? लहानपणापासून त्या गावावरून शंभरदा एसटीने गेलो असेन, खिडकीतून उसाचा रस मागवण्यापलीकडे काही केलं नाही. नेपल्सला जाऊन लोक आपलं गाव बघतात आणि आपण रसवंती.

भोपाळकर

याच्यात माझी भर. भोपाळहून सांची 50 किलोमीटरच्या आत, आमच्याकडे पाहुणा आला की सांची हे ठरलेलं, मधे कर्कवृत्ताच्या पाटीजवळ फोटो पण ठरलेला. पंधरा-वीस वेळा गेले असेन. पहिल्या गाईडचे सगळे डायलॉग पाठ झाले होते. मग एकदा पुण्याचे एक काका आले, त्यांनी दुसरा गाईड केला, वयस्कर, हळू बोलणारा. तो स्तूपाच्या दक्षिणेच्या तोरणापाशी थांबला आणि वर बोट करून म्हणाला, ही ओळ वाचतो. विदिशाच्या हस्तिदंत कारागिरांनी हे कोरीवकाम केलं असं त्या दगडावर लिहिलंय! म्हणजे हस्तिदंतावर काम करणाऱ्या हातांनी दगड कोरला, म्हणून ते एवढं बारीक. त्याच तोरणावर सातकर्णी राजाच्या कारागिरांच्या मुकादमाने दिलेल्या दानाचाही लेख आहे. काका तर उड्याच मारायला लागले, आमचे सातवाहन आमचे सातवाहन. मी वीस वर्षं त्या तोरणाखालून चपला सांभाळत गेले होते.

साडेनऊची लोकल

परदेश वगैरे आमच्या बजेटमध्ये नाही, आम्ही बोरिवलीचे, कान्हेरी. हसू नका. पोरगी चौथीत, तिला ब्राह्मी ही जुनी लिपी शिकवणाऱ्या एका तरुण मुलाबरोबर लेण्यांचा ग्रुप जाणार होता तिकडे घेऊन गेले. जुलै महिना, शेवाळ, एक काकू दोनदा घसरल्या, माकडाने आमचा ढोकळा डब्यासकट नेला. पण पाऊस असल्यामुळेच एक गोष्ट कळली. कातळात बोटभर रुंद पन्हळी कोरल्यात, एरवी लक्षात पण येत नाहीत, त्या दिवशी त्यातून पाणी पळत होतं आणि सरळ टाक्यात जाऊन पडत होतं. शंभराच्या वर लेणी, जवळजवळ प्रत्येकाला आपलं टाकं. टाक्याला लेखात पोढी म्हणतात. त्या मुलाने पोरांना पन्हळीत वाळकी पानं सोडायला लावली आणि सगळी पोरं पानामागे ओरडत धावत टाक्यापर्यंत. महापालिकेचं पाणी जाणारी आमची बिल्डिंग आठवली मला.

मग ब्राह्मी. क म्हणजे अधिकचं चिन्ह, ध म्हणजे इंग्रजी डी सारखा. "देयधम" शोधा म्हणाला, म्हणजे दान. पोरीने तिसऱ्या लेण्याच्या आवारात ध ओळखला आणि अशी किंचाळली की रखवालदार आला. 90 नंबरच्या लेण्यात पारशी लोकांनी 1009 आणि 1021 मध्ये येऊन पहलवी लिपीत आपली नावं कोरलीत ते दाखवलं तर ही विचारते, म्हणजे तेव्हापण लोक भिंतीवर नावं लिहायचे? मग आपल्याला का ओरडतात? तो मुलगा बिचारा पाच मिनिटं गप्प.

सोमवारी बंद असतं एवढं लक्षात ठेवा. आतली बस मिळाली नाही तर नॅशनल पार्कच्या गेटपासून सहा-सात किलोमीटर चालायचं आहे.

दुपारची झोप

ते पानांचं आवडलं. ढोकळ्याबद्दल वाईट वाटलं. त्या मुलाचा ग्रुप परत कधी जातो ते कळवा, बघू.

खिडकीशेजारची

नवऱ्याला सांची आणि कान्हेरीचं वाचून दाखवलं. तो म्हणतो हे गाईड नाहीत, हे मास्तर आहेत, मास्तर चालतील. असो, घरी तह झाला.

आंबेमोहर

गोदाकाठ, आम्ही दिवाळीनंतर सोलापूरला भाचीकडे येतोय, तिथून तेरला जाऊन यायचं ठरवलंय, हिने बॅगसुद्धा काढली. फक्त ते म्युझियम कुठल्या वारी बंद असतं ते आधी विचारून सांगा.