बोअरवेलवरच्या मुलांना तमिळमधले परदेशी चित्रपट कार्डात भरून द्यावेत का?

प्रश्न (चोपडा):
माझे मोबाइल दुरुस्तीचे दुकान आहे. उन्हाळ्यात विहिरींनी तळ गाठला की तमिळनाडूतल्या तिरुचेंगोडूकडच्या बोअरवेलच्या गाड्या आपल्या भागात येतात आणि त्यांच्यावरची मुले रात्री मेमरी कार्ड घेऊन इंग्रजी मारधाडीचे चित्रपट मागतात, पण तमिळमधले. शेजारी पन्नास रुपयांत कार्ड भरून मिळते. मी नकार देतो. मात्र घरापासून हजार किलोमीटरहून अधिक दूर, गाडीच्या आडोशाला झोपणाऱ्या या मुलांना रिकाम्या हाताने परत पाठवताना जीवावर येते. यात गुन्हा किती, आणि दुसरी काही सोय आहे का?

उत्तर (धुळे):
भाऊ, नकार देता तेच योग्य आहे. पैसे घेऊन अशी प्रत देणे हा १९५७च्या कॉपीराइट कायद्याच्या कलम ६३ खाली गुन्हा असून त्याला ६ महिने ते ३ वर्षे कैद आणि ५० हजार ते २ लाख रुपये दंड आहे. आपल्या राज्यात तर व्हिडिओ पायरसी करणाऱ्यांना स्थानबद्धही करता येते.

उत्तर (जळगाव):
मी अहिराणी चित्रफितींचे ध्वनिमुद्रण करतो, म्हणून आवाजाच्या बाजूने सांगतो. ओठांच्या हालचालीत बसेल असे तमिळ वाक्य शोधणारा लेखक आणि तेच वाक्य दहादा म्हणणारा कलाकार यांच्या कष्टावर डबिंग उभे राहते. चोरीच्या प्रतीत पुष्कळदा चित्र एकीकडचे आणि चित्रपटगृहात चोरून टिपलेला तमिळ आवाज दुसरीकडचा असतो. मी ऐकलेल्या एका प्रतीत नायक मरत असताना प्रेक्षकांतले बाळ रडत होते आणि दार आपटल्याचा आवाज दार लागून गेल्यावर येत होता. आमची अहिराणी चित्रफीतही चौथ्या दिवशी कार्डांत फिरू लागली, तेव्हा कलाकारांचे उरलेले मानधन मला घरातून द्यावे लागले. आपल्या भाषेत पाहण्याची त्या मुलांची ओढ मात्र अगदी रास्त आहे, आणि ती अहिराणी माणसाला वेगळी समजावून सांगायला नको. अनेक अधिकृत ॲपांवर परदेशी चित्रपटांना तमिळ आवाज निवडता येतो. त्यांच्याच वर्गणीवर, तुमच्या वायफायवरून चित्रपट ॲपमध्ये उतरवून द्या. शिवारात रेंज नसली तरी तो चालतो.

प्रश्नकर्ता:
काल तिघे आले होते. एकाने वर्गणी भरली, मी आवाजाची भाषा बदलून दिली. पहिलेच तमिळ वाक्य ऐकताच ते दुकानाच्या पायरीवर बसले आणि चित्रपट पूर्ण उतरेपर्यंत उठले नाहीत.