अखनाईच्या तंदूरची गोष्ट तिथे संपत नाही

ज्यूंच्या तालमुद या धर्मग्रंथातली ही कथा: अखनाईचा तंदूर धार्मिकदृष्ट्या शुद्ध की अशुद्ध, या वादात रब्बी (धर्मपंडित) एलिएझर एकटे ‘शुद्ध’ म्हणतात, बाकीचे रब्बी ‘अशुद्ध’. बहुमतापुढे एलिएझर यांच्या बाजूची आकाशवाणीही चालली नाही आणि ‘माझ्या मुलांनी मला हरवलं’ म्हणत देव हसला, म्हणून ही कथा तर्काच्या विजयाची, असं म्हटलं जातं. तेवढ्या भागापुरतं पटतं. पण तालमुदात गोष्ट पुढे चालू राहते, आणि मला तो पुढचा भागच जास्त अस्वस्थ करतो. (मूळ शब्द तन्नूर, आपला तंदूर त्याच कुळातला.) रब्बी एलिएझर यांनी शुद्ध ठरवलेलं सगळं जाळलं जातं आणि त्यांना वाळीत टाकलं जातं. हे सांगायला त्यांचा शिष्य अकिवा जातो तो काळे कपडे घालून, चार हात लांब बसतो. एलिएझर रडतात आणि ऑलिव्ह, गहू, जव यांचं एकतृतीयांश पीक करपतं. त्यांची बायको इम्मा शालोम ही बहिष्कार घालणाऱ्या रब्बान गम्लिएलचीच बहीण. नवऱ्याने देवापुढे साष्टांग पडून गाऱ्हाणं मांडू नये म्हणून ती रोज पहारा देते. एक दिवस चुकतो, आणि भाऊ मरतो. दुखावलेल्याच्या हाकेचं दार कधी बंद होत नसतं, असं ती म्हणते.

मुख्य म्हणजे ही कथा तालमुदाच्या ‘बावा मेत्सिया’ या भागात येते ती शब्दांनी कुणाला दुखावू नये या चर्चेत, बहुमताच्या नियमांची चर्चा तिथे चाललेलीच नाही. ‘सान्हेद्रिन’ या दुसऱ्या भागात एलिएझर यांचं मरण आहे. तेव्हाही अकिवा आणि इतर रब्बी चार हात लांबच बसलेले. एलिएझर यांच्या तोंडून शेवटचा शब्द निघतो, ‘शुद्ध’. मग तंदूरच्या वादात त्यांच्या विरोधात असलेला रब्बी येहोशुआ उठून बहिष्कार संपल्याचं जाहीर करतो.